मेकॅनिकला मनाई

रुस्ताक, ओमान,
६ फेब्रुवारी २०२६

प्रिय सफूराआपास,
धाकट्या जमिलाचा सलाम.

आम्ही तिघं खुशाल आहोत. तुझा गुडघा कसा आहे? शेजारचा शरीफ उद्या गावी निघालाय, त्याच्याबरोबर खजूर आणि हे पत्र पाठवतेय. फोनवर तू मला बोलू कुठे देतेस! तू सुचवलंस त्याचं उत्तर देते, पण आधी कालची गंमत वाच.

तस्नीमच्या शाळेत काल खेळांचा दिवस होता. खेळाची टीचर तीच, त्यामुळे आठवडाभर घरात दुसरा विषय नाही. दीडशे वर्षांपूर्वी लंडनात धावण्या-उड्यांची मोठी स्पर्धा व्हायची, तशी भरवायची असं तिच्या डोक्यात आलं. मुलांना काळ्या टोप्या काय, कागदी मिशा काय! सुरुवातीला तिनं माईकवर माहिती सांगितली. ती हौशी साहेबलोकांची स्पर्धा. पुढे त्यांनी नियमच केला म्हणे, मेकॅनिक, कारागीर, मजूर यांनी उतरायचं नाही. हातांनी राबून पोट भरतो तो हौशी कसला! १८८० साली नवी संघटना आली, तिनं ती अट काढली. 'मेकॅनिक' ऐकलं आणि मी खाली बघत बसले.

तिचे अब्बा गॅरेजमधून तसेच आलेले, ग्रीसच्या कपड्यांत, आणि नेहमीसारखे फाटकाबाहेर उभे. पोरीला कमीपणा नको म्हणून इतकी वर्षं हेच चाललंय. पालकांच्या शर्यतीची वेळ झाली, त्यात टीचरांचे पालकही चालणार होते, तशी तस्नीम माईकवरच म्हणाली, "अब्बा, आत या. मेकॅनिकची बंदी उठली."

आपा, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण हे आले. चपला काढल्या, पँट दुमडली आणि त्या बँकवाल्या, इंजिनियर पोरांबरोबर असे सुटले म्हणून सांगू! हर्णैच्या वाळूत धावलेला माणूस. तिसरे आले, पन्नाशी उलटल्यावर! बक्षीस देताना काय करता विचारलं, तर ताठ मानेनं म्हणाले, मेकॅनिक आहे, गाडी बिघडली तर या. सगळं मैदान हसलं, टाळ्या पडल्या. मला इतका अभिमान निकाहाच्या दिवशीही वाटला नव्हता.

आता तुझं उत्तर. चिपळूणच्या स्थळाला पाठवायच्या माहितीत बापाचा 'ओमानमध्ये बिझनेस' लिही म्हणालीस. भल्यासाठीच सांगितलंस. मी लिहायलाही घेतलं होतं, कारण तो मुलगा, सुफियान, तस्नीमला मनापासून आवडलाय. त्याचा फोन आला की ही गच्चीवर पळते. आज सकाळी तिलाच विचारलं. चहा तसाच ठेवून म्हणाली, "अम्मी, अब्बांना लपवून मला लग्न नाही करायचं."

मग मीच सुफियानच्या अम्मीला फोन केला. मुलीचे वडील मेकॅनिक आहेत, दुसऱ्याच्या गॅरेजात नोकरी करतात, असं सरळ सांगून टाकलं. घरात विचारून कळवते म्हणाल्या. अजून काही आलेलं नाही. तस्नीम फोन मांडीवर घेऊन बसलीय आणि माझ्याकडे बघून उगाच हसतेय. माझा जीव तुटतोय गं तिच्यासाठी.

तू रागावशील, रागाव. फक्त त्यांना फोन करून सारवासारव करू नकोस, एवढं माझं ऐक. हो म्हणोत की नाही, ईदनंतर आम्ही येतोय. तुझ्या दारात या वेळी हे पुढे असतील, मी मागे.

तुझी,
मुस्तफा मेकॅनिकची जमिला