नमुना क्रमांक एकेचाळीस

२ डिसेंबर, मंगळवार
दुरुस्ती. काल लिहिलं की मजकुराचे प्रकार पाच असतात आणि ते मी सिद्ध केलं. सिद्ध केलेलं नाही. मला तसं वाटलं, एवढंच. प्रकार बहुधा सात.
काळजी नको. प्रबंधाचं प्रकरण धुळ्याला माझ्या मार्गदर्शक दीपमाला मॅडमना शुक्रवारी, १२ तारखेला द्यायचं. तरच त्या पीएच.डी.च्या यादीत माझं नाव घालतील. आबा आत्तापासूनच पिंप्राळ्यात 'आमनी डॉक्टरीन' सांगत फिरतात. तपासायचे नमुने चाळीस. रोज चार. आरामात होईल.

५ डिसेंबर, शुक्रवार
शिंदखेड्याच्या एका लग्नपत्रिकेपाशी तीन दिवस. निमंत्रण आहे, वेळापत्रक आहे, निम्मी वंशावळ आहे. तळाशी भाचीचा आग्रह: 'आमच्या मावशीच्या लग्नाला यायचं हं!' चौकशी केली. भाची सात महिन्यांची आहे. मग हा मजकूर कुणाचा?
प्रकार आता एकोणीस. हा गोंधळ नाही, बारकावा आहे.

९ डिसेंबर, सकाळी ११
मॅडमचा मेसेज: 'प्रकरण शुक्रवारपर्यंत मिळावे. अडचण असल्यास कळवावे. अन्यथा नाव घालता येणार नाही.'
किती सुंदर मजकूर! आधी विनंती, मग आपुलकी, शेवटी धमकी. लगेच प्रिंट काढली. नमुना क्रमांक एकेचाळीस.

१० डिसेंबर, बुधवार
कोकिळाआत्याने खाटेवरचे कागद बाजूला सारले. मला अक्षरओळख तिनेच करून दिली, केळीच्या खोक्यांवरून. म्हणाली, "कागदना दोनच प्रकार शेतस, पोरी. जवाब देवाना नि नही देवाना."
हे शास्त्रीय नाही, असं मी नम्रपणे सांगितलं.
"मंग तुना मॅडमले जवाब दिधा का?"
आधी विश्लेषण, असं सांगितलं. ती हसत भाकरी थापायला गेली.

१३ डिसेंबर, शनिवार
एकेचाळीसवर सहा पानं झाली. इतकं चांगलं मी कधीच लिहिलं नव्हतं. त्यात शुक्रवार गेला.
मॅडमचा फोन आला. काल दिवसभर वाट पाहिली म्हणाल्या. यादी उद्या, रविवारी, दुपारी जाणार; तोवर जसं असेल तसं पाठव, दोन ओळी का होईना.
पण त्या दोन ओळी माफी म्हणायच्या की खुलासा? घाईत चुकीचा प्रकार गेला तर मॅडमना काय वाटेल? उद्याचा दिवस ते ठरवण्यात जाईल. अर्धवट काही पाठवणार नाही. सगळं नीट टाईप करून स्वतः घेऊन जाईन.
सोमवार, १५ डिसेंबर. सकाळी साडेनऊची धुळे एसटी.