कुरेशी कुठले?

क्योतो, ३० एप्रिल १९९६

प्रिय अब्बा,
सलाम. मी मजेत आहे. अम्मीच्या गुडघ्यांना आराम आहे का?

प्रयोगशाळेतली जॉर्डनची हुदा म्हणाली, "कुरेशी? म्हणजे तू मक्केच्या कुरैश कबिल्याची!" त्या नावाचा अर्थ काहीजण 'एकत्र जमलेले' असा लावतात म्हणे. मी नुसती मान डोलावली. आपल्याकडचे कुरेशी खाटीक असतात, हे सांगितलंच नाही.

ईदला आणलेला बकऱ्याचा अख्खा पाय कुणालाच कापता येईना. मी सांधे बघून सहज कापला.
"कुठे शिकलीस गं?" हुदाने विचारलं.
"पुस्तकात वाचलं," मी म्हणाले. अब्बा, शिकले तर मी तुमच्याच दुकानात.

सुरीला धार लावतानाचा तुमचा फोटो पाठवा. तो यायला पंधरा दिवस लागतील. हुदाला मात्र मी उद्याच खरं सांगणार आहे.

तुमची,
रईसा