रीडर कार्ड वाचत नाही

१० ऑक्टो., शुक्र.
काल दसरा. दवाखान्यातल्या कॉम्प्युटरची पूजा मीच केली. हळदकुंकू, अक्षता, झेंडू, सगळं यथासांग. आज विम्याचं कार्ड रीडरमध्ये घातलं, तर स्क्रीनवर तेच तेच: 'कार्ड टाका'. टाकलंय की.
कार्ड मारुतीचं. हर्निया. कार्ड वाचलं, अंगठा जुळला, तरच ऑपरेशन फुकट. झालं तर टोळीचा मुकादम त्याला यंदा सोडणार. नाही झालं तर पुढच्या शुक्रवारी ऊसतोडीच्या टोळीबरोबर जायचं आणि तसल्या पोटानं मोळ्या उचलायच्या.

११, शनि.
बीडला सलीमभाईंना फोन. आमचे कॉम्प्युटर तेच बघतात. म्हणाले, ड्रायव्हर बिघडला असेल, काढून परत टाका. ड्रायव्हर म्हणजे रीडर आणि कॉम्प्युटर यांच्यातला दुभाषी. काढला. परत टाकायची सीडी ओरखड्यांनी भरलेली, चालेना. आता रीडरच्या नावापुढे पिवळं चिन्ह. दीडशहाणी मी.

१३, सोम.
मारुती आणि त्याची बायको गंगूबाई आठपासून बाकावर. ती एवढंच म्हणाली, "आमचंच कार्ड कावून दिसंना, ताई?" कुणाचंच दिसत नाही, हे तिला पटलं नाही. डॉ. म्हणाले, मशीन हो म्हणेपर्यंत माझे हात बांधलेले. आणि चहा मागवला.

१५, बुध.
सलीमभाईंनी एसटीच्या कंडक्टरबरोबर नवी सीडी पाठवली. ड्रायव्हर बसला. पिवळं गेलं. रीडर उत्तम चालू आहे, असं कॉम्प्युटर सांगतो. कार्ड घातलं. 'कार्ड टाका'.
बाथरूममध्ये जाऊन रडले.

१६, गुरु.
मारुती एकटाच आला. कार्ड टेबलावर ठेवलं. "ठिवा तुमच्यापाशी. तिकडं फडावर पाचटाच्या कोपीत हरवंल. मशीन चालू झालं की घालून घ्या, म्हंजी आमचं काम हुईल."
नुसतं कार्ड घालून काही होत नाही, अंगठाही लागतो, हे न सांगताच मी कार्ड ड्रॉवरमध्ये ठेवलं.

१८, शनि.
टोळी काल गेली.
आज सलीमभाई स्वतः आले. ड्रायव्हर बघितलाच नाही. रीडर उलटा धरून आपटला. तांदळाचा एक दाणा पडला, कुंकवानं लाल. त्याच्यामुळे कार्ड शेवटपर्यंत जातच नव्हतं. "पूजा कुणी केलती?" आठ दिवस ड्रायव्हरच्या नावानं खडे फोडले मी.
ते गेल्यावर मारुतीचं कार्ड घातलं. लगेच आलं. त्याचा फोटो, खाली गंगूबाई, दोन पोरी. मुकादमाचा नंबर विचारायला तिघांना फोन केले. कुणाकडेच नाही. टोळी कोणत्या कारखान्यावर गेली, तेही धड कुणाला सांगता येईना.
स्क्रीन तशीच होती. फोटोखाली एक ओळ: 'अंगठा ठेवा'.