तांब्याने नको, बादलीने घाल

बेव्हर्ली पार्क, मीरा रोड
९ जुलै २००४

प्रिय गिरिजा,

पार्सल पोचलं. जर्दाळू एक किलो, चिलगोजे पाव किलो, बाबांचे लोकरी मोजे, माझी कानटोपी आणि पाच फोटो. वर तिकिटं एकशे दहा रुपयांची, शिवाय पोस्टमनला चहाचे पाच मी दिले. चिलगोज्यांचा भाव उगीच विचारला तुला फोनवर. तेवढ्यात इथे महिन्याचं तूप येतं. असू दे. थोडे देवापुढे ठेवले, थोडे समोरच्या गुजराती बेनना दिले. कानटोपी बघून बाबा म्हणाले, मीरा रोडला ही घालून तू कुठे भाजी आणायला जाणार? मी म्हटलं, बघू.

आता तुझ्या फ्लॉवरचं. तू लिहिलंस की खालची पानं पिवळी पडताहेत, गड्डा लिंबाएवढा होऊन थांबलाय आणि त्यावर तपकिरी ठिपके येताहेत. त्याखाली लिहिलंस, ‘आई, माझ्या हातून काही रुजतच नाही.’ ते वाचून पत्र मी देव्हाऱ्यात ठेवलं आणि पोळ्या लाटायला घेतल्या. हे वाक्य फ्लॉवरबद्दलचं नाही, एवढं कळायला मॅट्रिकच्या पुढे शिकावं लागत नाही. लग्नाला आठ वर्षं झाली, डॉक्टर झाले, नवस झाले. माझी जपमाळ चालूच आहे. पण आधी फ्लॉवरचं बघू, कारण तो का बिघडला ते मला सापडलंय, आणि त्यात तुझ्या हाताचा काही दोष नाही.

क्वार्टरच्या मागच्या अंगणातला फोटो जितेंद्ररावांनी काढलाय ना? त्यात तुझे केस ओले आहेत, हातात रुखवतातला पितळी तांब्या आहे आणि तू फ्लॉवरच्या डोक्यावर बारीक धार धरली आहेस. हात जोडायचे तेवढे राहिलेत! अगं, तू त्याला तुळशीसारखं पाणी घालते आहेस. हिमाचलच्या थंडीत तुळस गेली, कुंडी रिकामी पडली, पण आंघोळ करून तांब्याभर पाणी घातल्याशिवाय तुझ्या तोंडात चहा जात नाही. ती सवय मीच लावली तुला. तुळशीचं ठीक आहे गं, ती घोटभर पाण्यावर खूश असते. फ्लॉवर खादाड. रोज तांब्याभर दिलं की वरची माती नुसती ओली दिसते आणि खाली मुळं तहानलेली. त्यात डोक्यावर ओतलेलं तिथलं बर्फासारखं गार पाणी गड्ड्यात साचून राहतं. ठिपके त्याचेच.

निफाडला आमच्या मळ्यात थंडी अशी पडायची की सकाळी पाटात हात घातला तर बोटं आपली वाटायची नाहीत. वडील फ्लॉवरला ऊन अंगावर आल्याशिवाय पाणी सोडत नसत, आणि संध्याकाळी तर मुळीच नाही. तू सकाळी बादली भरून उन्हात ठेव, गारठा मोडू दे. मग बुडाशी आळं करून सावकाश ओत, आत मुरेपर्यंत. दुसऱ्या दिवशी मातीत बोट खुपसून बघ. आत ओल असेल तर त्या दिवशी हात आवर, कोरडं लागलं तर पुन्हा भरपूर दे. कधी उपास, कधी मेजवानी असं मात्र त्याला चालत नाही, रुसून बसतो. बाहेरची पानं गड्ड्यावर ओढून दोऱ्याने सैल बांध, म्हणजे पांढरा राहील. आळ्यात वाळलेलं गवत पसर.

खात्रीसाठी इथल्या जवळच्या डोंगरी गावाहून भाजी घेऊन येणाऱ्या सुगंधाला तुझा फोटो दाखवला. ती एवढी हसली की शेजारची मेथीवालीपण बघायला आली. म्हणते, ‘बाय, पोरीला सांग, पानी मुलाला द्यायचा, गड्ड्याला न्हाय. गड्डा काय आंघोल करतो काय?’ मग फोटो जवळ धरून म्हणाली, ‘पन झाड जित्ता हाय. मधला कोंब बघ कसा हिरवा हाय.’ मीही तेच म्हणते. लिंबाएवढे झालेले दोन-तीन गड्डे काढून आमटीत घाल, ते आता वाढायचे नाहीत. बाकीचे येतील.

तुम्ही नाशिकला होतात तेव्हा आम्ही आलो होतो, आठवतं? मी दशम्या आणि पाण्याची बाटली बरोबर आणली होती. तू ट्रे घेऊन उभी होतीस, मी म्हटलं, राहू दे, आत्ताच प्यायले. तू ट्रे तसाच आत नेलास. त्यानंतर तू कधी ‘या’ म्हटलं नाहीस, आणि मीही विषय काढला नाही. लेकीला मूल होईपर्यंत तिच्या घरचं पाणी प्यायचं नाही, हे माझ्या आईने पाळलं, सासूबाईंनी पाळलं, तेव्हा मलाही ते बरोबर वाटलं. आता वाटत नाही.

म्हणून हे पत्र. अठरा तारखेला अधिक महिना लागतोय. बाबा म्हणाले, जितेंद्ररावांचं वाण मनीऑर्डरने पाठवू. मी विचारलं, अनारसे मनीऑर्डरने जातात का? मग म्हणाले, तुला तिथे उपाशी राहावं लागेल, गुरुजींना काही तोड विचारू. मी म्हटलं, मला लेकीकडे जेवायचंय, मुहूर्त काढायचा नाही. देवाला सांगायचं ते सांगून झालंय, त्याची काही हरकत दिसली नाही. थोड्या वेळाने बाबा मोजे घालून बघत होते. कालक्यापर्यंत गाडी, पुढे बस, आम्ही दोघं येतोय, चांगले महिनाभर राहायला. मूल होईल तेव्हा होईल, न झालं तरी तू माझी लेक आणि ते माझ्या लेकीचं घर. फ्लॉवर तयार असला तर रस्सा कर, नसला तर पिठलं चालेल. तिकिटं काढायची आहेत, तेव्हा रामपूरला घ्यायला यायला जितेंद्ररावांना कुठला दिवस सोयीचा पडेल, आणि तुमच्याकडे नळाचं पाणी तसंच पितात की उकळून, तेवढं उलट टपाली कळव.

तुझीच,
आई