जावेच्या पाण्यासाठी अपील आजच खारीज होणेबाबत

प्रति,
मा. न्यायाधीश साहेब,
अपील न्यायालय, जिल्हा वर्धा.

अर्जदार : मंदाबाई तानबा हिवरे, रा. वडनेर, ता. हिंगणघाट.

विषय : अर्जदाराचे स्वतःचेच अपील खारीज करून कागद मिळणेबाबत.
संदर्भ : सामाईक विहिरीचे अपील, पुढील तारीख संक्रांतीनंतरची.

महोदय,

मागच्या तारखेला दाराशी उभा पट्टेवाला अर्जदाराच्या कानाशीच पुटपुटला, "ह्या दोघी भांडाले येते का डबा खाले, काई समजत नाई." त्याचे चूक नाही. अर्जदार व उत्तरवादी आनंदाबाई सख्ख्या जावा असून एकाच एस.टी.ने येतात, एकाच बाकावर बसून एकमेकींचा ठेचा खातात. पाणी मात्र आपापल्या बाटलीतले.

१) कारण, केस लागली तेव्हा दोघींनी केळझरच्या गणपतीपुढे शपथ घेतली, की कोर्टाचा शेवटचा कागद हाती येईपर्यंत एकमेकींच्या हातचे पाणी पिणार नाही. भाकरीचा उल्लेख शपथेत नाही.

२) दिवाळीपासून आनंदाबाईने खाट धरली आहे. मुलगा गोपाल चंद्रपुरास नोकरीवर, रविवारी येतो. अर्जदार तिला आंघोळ घालते, वेणी घालते, पेज भरवत होती. पेजेत पाणी असते हे दोघींना ठाऊक होते, बोलले कोणी नाही. आता पेजही जात नाही. पाणी पाजायला शेजारच्या सुमित्राबाईला हाक मारावी लागते, आणि ती सध्या दिवसभर कापूस वेचायला जाते. दुपारी अर्जदाराने पेला पुढे केला की आनंदाबाई कोरडे ओठ मिटून मान फिरवते.

३) विहीर तुमच्या नावाने सोडते, असे अर्जदाराने सरपंचासमोर सांगून पाहिले. पुजारी नारळ फोडून शपथ उतरवायला तयार झाला. ती म्हणते, "देवापुढं कोर्टाचं नाव घेतलं, आता कोर्टच सोडवील." अर्जदाराचे वकील म्हणतात, अपील जिंकण्यासारखे आहे, थांबा. साहेब, जिंकून ती विहीर पाजायची कोणाला?

४) सबब अपील चालवायचे नाही. खर्चाबद्दल उत्तरवादीला विचारले तर ती हसली, तो होकार समजावा. कागद लहान चालेल, शिक्का ठळक असावा, तिला आता नीट दिसत नाही.

५) डॉक्टर, गोपाल, घरचे सगळे तिला म्हणतात, थंडी सरली की उठशील. काल अर्जदारही म्हणाली, संक्रांतीनंतर तारखेला मिळूनच जाऊ, खिडकीची जागा तुमची. तेव्हा तिने अर्जदाराचा हात धरला.

"काऊन खोटं बोलतं वं मंदा? मी मरून राह्यली. मले तुह्याच हातचं पाणी पाहिजे. जाय, कागद आन."

कागदासाठी बाहेरच्या बाकावर बसलेली,
मंदाबाई तानबा हिवरे
दि. २ डिसेंबर १९९८