एकदाच दिसलेलं

२७ सप्टेंबर १९९९

आज जालन्यात आले. हसनाबादची एसटी राजूरला थांबली तेव्हा खिडकीतून भजी घेतली आणि एकटीनेच संपवली. नोकरी लागल्याचा समारंभ एवढाच. आई चैत्रात गेली, दादा सुरतेला. गावच्या घराला कुलूप घालताना वाईट वाटेल असं वाटलं होतं. वाटलं नाही. उलट रस्ताभर मनातल्या मनात गुणगुणत होते.

खोली नवीन जालन्यात मिळाली, स्टेशनापासून चालत जाण्याइतकी. त्याआधी दोन घरं पाहिली. आडनाव सांगितल्यावर दोन्ही घरांत अचानक पाहुणे यायचे निघाले. तिसऱ्या घरी चतुराबाई होत्या. म्हाताऱ्या, एकट्या. नुकतंच मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं, डोळ्यांवर हिरवा चष्मा. त्यांनी आडनाव विचारलंच नाही. चष्मा वर करून माझ्याकडे बराच वेळ पाहिलं आणि म्हणाल्या, आता सगळं लखलखीत दिसतं, तुझ्या नाकावरचा तीळसुद्धा. वरची खोली दिली. खिडकीतून बियाण्यांच्या कंपन्यांच्या पाट्या दिसतात आणि एक लिंब.

३० सप्टेंबर

कचेरी एका गोदामाच्या वर आहे. खाली सरकीची पोती, वर आमचे तीन संगणक. तातेराव मालक. पुण्याची नोकरी सोडून त्यांनी हे काम जालन्याला आणलं. काम परदेशातल्या एका संस्थेचं.

पृथ्वीभोवती एक दुर्बीण फिरत असते. हवेच्या वर. तिथे तारे लुकलुकत नाहीत. तिने टिपलेली चित्रं आमच्याकडे सीडीवर येतात. आकाशाचा प्रत्येक तुकडा ती लागोपाठ दोनदा टिपते. याचं कारण मला आवडलं. वर हवेचं पांघरूण नाही, म्हणून अवकाशातले वेगवान कण थेट तिच्या यंत्रावर आदळतात आणि चित्रात पांढरे ठिपके, बारीक रेघा उमटतात. ताऱ्यांसारख्याच दिसतात. पण तारा दोन्ही चित्रांत असतो, कणाचा ठिपका एकातच. प्रोग्रॅम दोन चित्रं ताडून पाहतो आणि जे एकातच आहे ते पुसतो. त्याची चूक होते तिथे आम्ही डोळ्यांनी पाहून पुसायचं. कचेरीत या ठिपक्यांना कचरा म्हणतात.

दक्षिण अमेरिकेजवळ समुद्राचा एक भाग आहे. त्याच्यावरून जाताना कण इतके दाट असतात की दुर्बीण पाहणंच थांबवते. तेवढा वेळ तिला काही दिसत नाही. एम.एस्सी.ला हे कुणी सांगितलं नव्हतं.

माझ्याबरोबर शिवकन्या आहे, परतूरची. दिवसभर बोलते. तिने पुसलेलं मी तपासते, मी पुसलेलं ती.

९ ऑक्टोबर

आज एका जोडीतल्या पहिल्या चित्रात एक ठिपका होता. कणाचा ठिपका सहसा टोकदार, तुटक असतो. हा गोल होता, कडेला विरत गेलेला, अगदी ताऱ्यासारखा. दुसऱ्या चित्रात त्या जागी काळोख. मी बराच वेळ पाहत बसले. मग तातेरावांना बोलावलं. एवढ्या वेळात तिथे खरंच काही उजळून विझलं असेल तर, असं विचारलं. त्यांनी पडद्याकडे नीट पाहिलंही नाही.

“मॅडम, एकदाच दिसलं ते नव्हतंच. पुसा जल्दी, पुढची जोडी घ्या.”

पुसलं. पुसल्यावर आजूबाजूचा काळोख तिथे भरून येतो. जागा ओळखू येत नाही.

१८ ऑक्टोबर

खंडेनवमी. कचेरीत संगणकांची पूजा झाली. पडद्यांना हळदकुंकू, झेंडूच्या माळा. मी कडेला उभी होते. आमचा दिवस उद्याचा, धम्मचक्राचा. तातेरावांनी फोटोसाठी आपापल्या खुर्चीत बसायला लावलं. स्टुडिओवाल्याने तिवईवर कॅमेरा लावून दोन फोटो काढले. कुणाचे डोळे मिटले तर दुसरा असावा म्हणून ते नेहमीच दोन काढतात. दुसऱ्याच्या वेळी माझ्या संगणकावरचं फूल खाली पडलं आणि मी उचलायला टेबलाखाली वाकले.

२३ ऑक्टोबर

तातेरावांनी दोन्ही फोटो स्कॅन करून संगणकात घेतले. गंमत म्हणून दुर्बिणीच्या चित्रांसारखी त्यांची जोडी लावली आणि प्रोग्रॅम चालवला. शिवकन्येचा हललेला हात मनगटापासून पुसट झाला. तातेरावांची एक मिशी गेली. मी पूर्ण गेले. माझ्या जागी खुर्ची, खुर्चीच्या पाठीवर टॉवेल, मागे भिंत. सगळं स्वच्छ.

शिवकन्या पोट धरून हसली. “प्रभे, तू तर कचरा निघालीस गं.”

मीही हसले. तातेरावांना तो फोटो इतका आवडला की मोठा छापून भिंतीवर लावला. आलेल्या माणसाला प्रोग्रॅम काय करतो ते दाखवता येईल म्हणाले.

३० ऑक्टोबर

किरकोळ गोष्टी. हॉटेलवाला दोनच चहा ठेवून गेला. काल पण दोनच. शिवकन्येने तिच्या कपातला अर्धा मला बशीत ओतून दिला.

संध्याकाळी आम्ही दोघी रिक्षात बसलो. रिक्षावाला तिला म्हणाला की ताई, एकट्याच आहात, अजून एक सवारी घेतो. तिला वाटलं तो चेष्टा करतोय. मग एक जाडा माणूस आत शिरला आणि माझ्या मांडीवरच बसायला लागला. मी ओरडले तेव्हा तो दचकला, माफी मागितली. दिसल्या नाहीत म्हणाला.

४ नोव्हेंबर

एक गोष्ट ध्यानात आली आहे. एकटं माणूस भेटलं की मी त्याला दिसते. दुकानदार एकटा असला की नीट बोलतो. दुसरं गिऱ्हाईक आलं की त्याची नजर माझ्यावरून सरकते, आणि मी बोलले तर दोघंही एकमेकांकडे पाहतात. आज हे मुद्दाम करून पाहिलं. मेडिकलमध्ये, पोस्टात, पाण्याच्या टाकीपाशी. सगळीकडे तेच.

शिवकन्या दिवाळीला परतूरला गेली. जाताना जिन्यात एकटीच होती. गळ्यात पडली, फराळाचं आणीन म्हणाली. खालून तातेरावांनी हाक मारली, ते वर आले, आणि तिने हात खाली घेतले. जिन्यात एकटी काय करून राह्यलीस, असं त्यांनी तिला विचारलं. तिने माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाली, काही न्हाई.

१५ नोव्हेंबर

शिवकन्या आली नाही. तुळशीच्या लग्नानंतर तिचं लग्न आहे. तातेरावांनी फोनवरच अभिनंदन केलं. मी शेजारी उभी होते. फोन मागण्यासाठी हात पुढे केला होता. त्यांनी ठेवून दिला.

आता सकाळी तातेराव एकटे असतात तेवढा वेळ मी कामाला आहे. संध्याकाळी चतुराबाई एकट्या असतात तेवढा वेळ मी घरी आहे. एरवी कुठे असते, माहीत नाही.

चतुराबाईंना सांगितलं. सगळं. त्या तांदूळ निवडत होत्या. घाबरल्या नाहीत. म्हणाल्या, मला तर बराबर दिसतीस, बस इथं. भाजीत तिखट जास्त झालं होतं, पण पोटभर जेवले. आज बरं वाटतंय. एक माणूस पुरतं.

२१ नोव्हेंबर

चतुराबाईंचा मुलगा साहेबराव नांदेडहून येणार आहे. शेजारणीने त्याला कळवलं की तुझी आई वरच्या खोलीतल्या पोरीशी बोलते, आणि वरच्या खोलीत तर कुणी नाही. चतुराबाईंनीच मला हे सांगितलं, हसत. आला की तुझी गाठ घालून देते म्हणाल्या. शेजारीण मेली आंधळी.

मी त्यांना हात जोडून सांगितलं की तो आला की वर आणू नका. त्यांना ते अपमानाचं वाटलं.

२६ नोव्हेंबर

साहेबराव आला.

ते दोघं वर आले. मी खाटेवर बसले होते. खाट, माझी ट्रंक, वाळत घातलेली साडी. त्याने खोलीभर पाहिलं. हे सामान आधीच्या भाडेकरूचं राहिलंय का, असं आईला विचारलं. चतुराबाई म्हणाल्या, ही बघ की समोर बसलीय, प्रभा. त्याने त्यांचा हात धरला. अगदी मऊ आवाजात सांगितलं की ऑपरेशननंतर काही जणांना असं होतं, औरंगाबादला डॉक्टर आहेत, दाखवू. तिथे ठेवून घेतात का, असं त्यांनी विचारलं. तो नुसता त्यांचा हात थोपटत राहिला.

तेव्हा चतुराबाईंनी माझ्याकडे पाहिलं. त्यांची नजर सरकली नाही. माझ्या डोळ्यांवरच थांबली. मी त्यांना दिसत होते, हे मी शपथेवर लिहीन.

“न्हाई रे बाबा,” त्या म्हणाल्या. “कोणीच न्हाई. मलाच वाटलं असंल.”

२७ नोव्हेंबर

सकाळी त्या अंगणात एकट्या होत्या. मी समोर जाऊन बसले. त्यांनी तांदळाचं सूप उचललं आणि आत नेलं. दार लावताना मी हाक मारली. चतुराबाईंनी कानावर पदर ओढला.

कचेरीत तातेराव एकटेच. नमस्कार केला. ते भिंतीकडे पाहून सिगारेट ओढत होते.

एकटं माणूससुद्धा आता—

२९ नोव्हेंबर

बूथवरून दादाला सुरतेला फोन लावला. त्याचा आवाज आला. दादा, मी प्रभा. दादा. तो हॅलो हॅलो म्हणत राहिला. मागून वहिनीने कोण आहे विचारलं. कोणी बोलंना, म्हणाला. मी बोलत होते. सगळा वेळ बोलत होते.

३० नोव्हेंबर

दोन्ही फोटो अजून संगणकात आहेत. पहिल्यातली मी कापून घेतली आणि दुसऱ्यात खुर्चीवर बसवली. कडा जुळवल्या. दुपार गेली. जोडी लावून प्रोग्रॅम चालवला.

मी राहिले. पुसली गेले नाही. हिरवी साडी, नाकावर तीळ, जरा घाबरलेली. छापून भिंतीवर लावलं.

आता दोन्हींत आहे. आता मी आहे.

१ डिसेंबर

तातेराव फोटोसमोर थांबले. जवळ गेले. मी त्यांच्या शेजारी, खांद्याला खांदा.

“ही कोण?” ते स्वतःशीच म्हणाले. “कचरा राहिला वाटतं.”

संगणकावर बसले. हाताने पुसलं. आधी चेहरा.

२ डिसेंबर

आज काही पुसलं नाही. जोड्या उघडून बसले. जिथे एकच ठिपका, तिथे दुसऱ्या चित्रात त्याला सोबत काढली. एकेकाला. कितीतरी पुसलेत मी. दोन महिने. तो गोल, कडेला विरलेला— त्याची सीडी परत गेली. त्याची जागा मला आठवत नाही.

ते होते. एकदा दिसले म्हणजे होते.

३ डिसेंबर

आरशात आहे. पण आरशात पाहणारी मी एकटीच.

भूक लागत नाही. गोदामातले हमाल पोती घेऊन माझ्या अंगावर येतात. मीच बाजूला—

४ डिसेंबर

जिन्यावर पावलं. तातेरावांचा आवाज. कुणाला तरी काम समजावताहेत. दुर्बीण, दोन चित्रं, कचरा. नवीन मुलगी असावी. ती हसली. चांगली वाटते.

मी उठणार नाही. डावा हात टेबलावर पसरून ठेवलाय. दोघं आहेत. दोघांना एकदम दिसले तर—

दार उघडलं. तातेराव या खुर्चीकडे हात करून तिला सांगताहेत, बसा, ही तुमची जागा.

ती बसत नाही. माझ्याकडे बघतेय. नीट माझ्याकडे. तिने विचारलं, इथं कुणी—

तातेराव म्हणाले, न्हाई. कोण असणार.

ती अजून बघतेय. सांग. एकदा सांग त्यांना. तू पाहिलंयस, तुझ्या तोंडावर दिसतंय. सांग गं—

तिने मान हलवली. हसली. मला वाटलं, म्हणाली. खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला. ओढणी सावरली आणि आता ती ब—