चार मिनिटं दहा सेकंद

३ मार्च

ती. ताईस, शि. सा. न. वि. वि.

माझा सिनेमा महिनाअखेर मोठ्या सभागृहात दाखवणार आहेत! मी कामाला आहे त्या लाँड्रीतच केलाय. इस्त्रीच्या टेबलावर कॅमेरा ठेवला, भिंगापासून माझ्या नाकापर्यंत सुतळीनं तीनदा अंतर मोजलं, पावलांसाठी खडूच्या खुणा केल्या. खुणेवर उभं राहून मी माझं नाव सांगतो. अडखळत, पण पूर्ण. चार मिनिटं दहा सेकंद.

त्या दिवशी तू भेटायला आली होतीस आणि आत कपड्यांच्या घड्या घालत होतीस. तिसऱ्या मिनिटाला तुला राहवलं नाही आणि आतून तूच माझं नाव सांगून टाकलंस. तेही आलंय. कार्यक्रमाचे आयोजक म्हणतात, माझे वीस सेकंद ठेवा, मग लगेच बहिणीचा आवाज. बाकीचं कापा, म्हणजे लोकांना हमखास रडू येईल. काय करू?

तुझा धाकटा

९ मार्च

चि. धाकट्यास अ. उ. आ.

काप बाबा. शाळेत हजेरीला, दवाखान्यात, दुकानात तू माझ्याकडे बघायचास आणि मी सांगायचे. जीभ सवयीनं वळली. हे म्हणाले, नावाला चार मिनिटं, तर पत्त्याला मध्यंतर लागेल. मी दोन दिवस बोलले नाही त्यांच्याशी. घरातली माणसं अशी, परकी किती हसतील? मला नाही बघवणार. जेवणाची आबाळ करू नकोस.

तुझी ताई

१६ मार्च

ती. ताईस, शि. सा. न. वि. वि.

नाही कापणार. सातवीपर्यंत वर्ग हसला की मी खाली बघायचो, म्हणून तर शाळा सुटली. पडद्यावर मी सरळ समोर बघतो. तू नाव सांगून टाकलंस, तरी मी थांबलो नाही. पुढे मिनिटभर झगडून स्वतः म्हटलं. नेमकं तेच मिनिट त्यांना नको आहे. मग तो सिनेमा माझा कसा?

आयोजकांना फोन केला. पहिल्या अक्षरालाच अडलो. ते म्हणाले, कापताय ना, छान. मी फोन ठेवला नाही. ते हॅलो हॅलो करत राहिले आणि मी ‘नाही’ पुरं म्हटलं. त्यांनी सिनेमा कार्यक्रमातून काढून टाकला.

म्हणून येत्या रविवारी दुपारी चारला लाँड्रीतच दाखवतोय, चादर ताणून. मालक आधी कुरकुरले, मग स्वतःच खुर्च्या मागवल्या. गिऱ्हाइकांच्या पावतीमागे मी वेळ लिहून देतो. भावोजींना घेऊन ये, अगदी पुढची खुर्ची राखलीय. ज्याला हसायचं त्यानं खुशाल हसावं. मी चादरीशेजारीच उभा असेन, चारही मिनिटं.

तू माझ्यासाठी पुष्कळ बोललीस, ताई. ते मी विसरणार नाही. लोभ आहे तसाच ठेव, फक्त रविवारी माझ्या आधी बोलू नकोस.

तुझा धाकटा